मॉस्कोतल्या दोन इमारती आणि घरातला एक कोपरा

तुमचा प्रश्न थोडक्यात असा: मॉस्कोला गेलात, त्रेत्याकोव्ह गॅलरीच्या लाव्रुशिन्स्की गल्लीतल्या जुन्या इमारतीत चर्चमधली सोनेरी-तांबडी पूजाचित्रं पाहिलीत. दुसऱ्या दिवशी क्रिम्स्की वाल रस्त्यावरच्या नव्या इमारतीत चित्रकार मालेविचचा ‘काळा चौकोन’ (पांढऱ्यावर फक्त एक काळा आकार) पाहिलात, आणि हे दोन्ही एकाच देशातलं कसं, ते काही केल्या जुळेना. परंपरा मोडून टाकली म्हणूनच मालेविचसारख्या मंडळींना मोठं म्हणतात का? आणि असला चौकोन तर शाळेतलं पोरही काढेल, मग त्याचं एवढं काय?

मी गेली सत्तावीस वर्षं जुनी चित्रं दुरुस्त करते. बहुतेक तैलचित्रं, काही लाकडी फळ्यांवरची. हे काम शिकताना काही महिने मॉस्कोत राहिले होते, नंतरही तीनदा जाऊन आले. त्यामुळे हे उत्तर समीक्षकाचं नाही, हातात कापसाचा बोळा आणि डोळ्याला भिंग लावून बसणाऱ्या बाईचं आहे. या बाजूने पाहिलं की तुमच्या प्रश्नातलं गृहीतकच मला पटत नाही. 1910 च्या सुमाराला रशियन चित्रकारांनी परंपरा मोडली असं म्हणायचं, तर ती परंपरा आधी त्यांच्या डोळ्यांसमोर असायला हवी होती. ती काळ्या थराखाली झाकलेली होती. तो थर निघाला आणि नवी कला जन्माला आली, या दोन्ही गोष्टी एकाच दशकात, मॉस्कोतल्या हाकेच्या अंतरावरच्या घरांमध्ये घडल्या.

हा काळा थर कशाचा, ते आधी सांगते, कारण पुढचं सगळं त्यावर आहे.

आयकॉन म्हणजे पूजेचं चित्र. ते लाकडी फळीवर करतात, बहुधा लिंडनच्या. फळीने बाक धरू नये म्हणून मागून आडव्या पट्ट्या सरकवतात. पुढच्या बाजूचा मधला भाग किंचित खोल कोरून घेतात, म्हणजे चौकट त्याच लाकडाची होते. त्यावर सरसाने कापड चिकटवायचं आणि कापडावर खडूची पूड आणि सरस यांचा लेप द्यायचा, एकावर एक, प्रत्येक थर वाळू देऊन, आणि शेवटी हस्तिदंतासारखा गुळगुळीत होईपर्यंत घासायचा. या लेपाला तिकडे ‘लेव्कास’ म्हणतात. मग सोन्याचा वर्ख, मग अंड्याच्या बलकात खललेले रंग. चेहऱ्यासाठी आधी हिरवट तपकिरी रंग सपाट भरतात आणि त्यावर उजळ रंग चढवत नेतात, त्यामुळे चेहरा अंधारातून वर येत गेल्यासारखा दिसतो. सगळं झालं की वरून ‘ओलिफा’, म्हणजे उकळलेलं जवसाचं तेल. आपल्याकडे सुतार दारांना लावतात ते बेलतेल, तेच.

बेलतेल दिलेला जुना दरवाजा तुम्ही पाहिला असेल. पहिली काही वर्षं मधासारखा झळकतो, नातवंडांच्या काळात काळा पडलेला असतो. आयकॉनचंही तसंच होतं. साधारण ऐंशी-शंभर वर्षांत ओलिफा इतकी काळवंडते की खालचे रंग दिसेनासे होतात, वर मेणबत्त्यांची काजळी बसते ती वेगळीच. मग एखाद्या चित्रकाराला बोलावून त्याच आकृत्या वरून नव्याने रंगवून घ्यायच्या. पुन्हा ओलिफा, पुन्हा शंभर वर्षं. पाचशे वर्षांच्या फळीवर असे तीन-चार थर सहज सापडतात. त्यावर श्रीमंत भक्तांनी चढवलेलं सोन्याचांदीच्या पत्र्याचं कवच, त्यातून फक्त चेहरा आणि हात दिसणार. आपल्याकडे एखाद्या देवळात मूर्तीवरचं शेंदराचं कवच गळून पडतं आणि आतली कोरीव मूर्ती दिसते, जी गावातल्या सगळ्यात म्हाताऱ्या माणसानेही कधी पाहिलेली नसते. तसंच हे, पण तिथे एका देशाची कित्येक शतकांची चित्रकलाच त्या कवचाखाली होती. म्हणून एकोणिसाव्या शतकातला शिकलेला रशियन माणूस जुन्या आयकॉनकडे काळपट, मळकट, भाविक लोकांची वस्तू म्हणूनच बघायचा. रेपिनच्या पिढीचे थोर वास्तववादी चित्रकार घडले ते युरोपच्या धर्तीवरच्या अकादमीत, तिच्याकडून शिकून आणि तिच्याशी भांडून.

1904 साली मॉस्कोजवळच्या सेर्गियेव्ह पसादच्या मठातल्या एका फळीची पाळी आली. आंद्रेई रुब्ल्योव्हचं ‘त्रैक्य’, पंधराव्या शतकाच्या सुरुवातीचं, मेजाभोवती बसलेले तीन देवदूत. रशियन चर्चने 1551 च्या धर्मसभेत आदर्श म्हणून ज्याचं नाव घेतलं तो हा रुब्ल्योव्ह, पण त्याचा हात खरोखर कसा होता हे 1904 मध्ये जिवंत असलेल्या कुणीच पाहिलं नव्हतं. वासिली गुर्यानोव्ह या कारागिराने सोन्याचं कवच उतरवलं. खाली तपकिरी, नंतरच्या काळात पुन्हा रंगवलेलं चित्र होतं. त्याने वरचे थर काढायला सुरुवात केली आणि खालून निळा आला. असा निळा, जो रशियन मध्ययुगाच्या कल्पनेत कुणी धरलाच नव्हता.

आमच्या कामात आधी चित्राच्या कडेला टपालाच्या तिकिटाएवढी जागा साफ करतात. तिला आम्ही ‘खिडकी’ म्हणतो. माझ्या पहिल्या खिडकीच्या वेळी माझा हात थरथरत होता. समोर एका वाड्यातलं, कुणा पूर्वजाचं साधंसं तैलचित्र होतं, आणि तपकिरी अंगरख्यातून अचानक गुलाबी जरीचं काम निघालं. एका अनोळखी माणसाच्या अंगरख्याने माझी ही गत झाली, तर गुर्यानोव्हचं काय झालं असेल, याचा मी अजूनही विचार करते. त्याने काम केलं, आणि मठाने कवच पुन्हा चढवलं. पूर्ण सफाई व्हायला 1918-19 उजाडावं लागलं, म्हणजे क्रांतीनंतर, चित्रकार इगोर ग्राबारच्या पुढाकाराने नेमलेल्या समितीच्या हाताखाली.

पण 1904 नंतर दार किलकिलं झालं होतं. ते सताड उघडलं एका कायद्यामुळे, आणि ही गोष्ट कलेच्या पुस्तकांमध्ये एका ओळीत उरकली जाते म्हणून मी इथे जरा थांबते. सतराव्या शतकाच्या मध्याला रशियन चर्चचा प्रमुख, पाट्रिआर्क निकोनने पूजाविधी बदलले, तेव्हा ते न मानणारा मोठा समाज वेगळा झाला. त्यांना ‘जुने श्रद्धावंत’ म्हणतात. अडीचशे वर्षं त्यांचा छळ झाला. त्यांच्या लेखी खरा आयकॉन फक्त फाटाफुटीच्या आधीचा. एप्रिल 1905 मध्ये झारने धर्मस्वातंत्र्याचा हुकूम काढला आणि त्यांना उघडपणे चर्च बांधता येऊ लागली. या समाजात मॉस्कोतले बडे व्यापारी होते. नव्या चर्चसाठी जुने आयकॉन हवे, आणि जुना आहे हे कळायला वरचे थर काढायला हवेत. मागणी वाढली तसे आयकॉन साफ करणारे कारागीरही वाढले. स्तेपान र्‍याबुशिन्स्कीसारख्या व्यापाऱ्याने स्वतःच्या घरात संग्रह केला, कारागीर ठेवले. चित्रकार इल्या ओस्त्रोऊखोव्हने मात्र आयकॉन जमवले ते निव्वळ चित्र म्हणून. त्याला त्यातली श्रद्धा दुय्यम होती, रंग मुख्य होता.

1911 च्या शरदात फ्रेंच चित्रकार आंरी मातीस मॉस्कोला आला. सेर्गेई श्चुकिन या कापडव्यापाऱ्याने त्याच्याकडून आपल्या वाड्याच्या जिन्यासाठी ‘नृत्य’ आणि ‘संगीत’ ही दोन प्रचंड चित्रं करवून घेतली होती, ती कशी लागलीत ते पाहायला. श्चुकिनकडे मातीसची तीसहून अधिक चित्रं होती, पुढे पिकासोचीही पन्नासच्या आसपास झाली, आणि रविवारी तो घर लोकांसाठी खुलं ठेवायचा. मालेविच, तात्लिन आणि त्यांच्या बरोबरीची पोरं पॅरिस शिकली ती या घरात. तर मातीसला ओस्त्रोऊखोव्हच्या घरी आयकॉन दाखवले. तो हरखून गेला. युरोपच्या चित्रकारांनी प्रेरणेसाठी इथे यावं, असं तो मॉस्कोच्या वर्तमानपत्रांना सांगत सुटला. सपाट रंग, सावली नाही, खोली नाही, आकृतीला ठाम रेष: पॅरिसमध्ये ज्यासाठी त्याला रानटी म्हणाले होते ते सगळं इथे पाचशे वर्षांपूर्वी करून ठेवलेलं होतं. रशियन चित्रकारांना आपल्याच आजीच्या देवघराची किंमत एका फ्रेंच माणसाकडून कळावी, याचं मला वाईट वाटतं. पण ते पूर्ण खरंही नाही, कारण काहींना ती आधीच कळली होती. दोन वर्षांनी, 1913 मध्ये, रोमानोव्ह घराण्याच्या त्रिशताब्दीनिमित्त मॉस्कोत जुन्या रशियन कलेचं प्रदर्शन भरलं आणि साफ केलेले आयकॉन पहिल्यांदा मोठ्या संख्येने सर्वांसमोर आले.

आता तो कोपरा.

रशियन शेतकऱ्याच्या घरात शिरलं की चुलीच्या समोरच्या तिरक्या कोपऱ्यात, छताजवळ, आयकॉन असतात. त्यापुढे छोटा दिवा. या कोपऱ्याला ‘क्रास्नी ऊगल’ म्हणतात. क्रास्नी म्हणजे आज लाल, पण जुन्या भाषेत सुंदर, मानाचा. पाहुणा आत आला की आधी त्या कोपऱ्याकडे वळून स्वतःवर क्रुसाची खूण करणार, मग यजमानाला नमस्कार. आपल्या ईशान्येच्या देव्हाऱ्यासारखाच घरातला मान, फक्त चित्रं भिंतीवर सपाट न लावता दोन भिंतींच्या सांध्यात, किंचित पुढे झुकलेली.

1889 मध्ये कायद्याचा अभ्यास करणारा एक तरुण वोलोग्दा प्रांतात लोकजीवनाच्या पाहणीसाठी गेला. तो वासिली कांदिन्स्की. रंगवलेल्या लाकडी सामानाने, भिंतीवरच्या स्वस्त छापील चित्रांनी आणि कोपऱ्यातल्या आयकॉन-दिव्याने भरलेल्या घरात पाय टाकताना आपण चित्राच्या आतच शिरलो असं वाटलं, असं त्याने पुढे आठवणींमध्ये लिहून ठेवलं आहे. अमूर्त चित्रकलेकडे तो वळला त्याला अजून वीस वर्षं होती, पण बघणाऱ्याला चित्राच्या बाहेर उभं न ठेवता आत ओढून घ्यायचं, ही त्याची आयुष्यभराची धडपड तिथे सुरू झाली.

नताल्या गोंचारोवाने 1911 मध्ये ‘चार शुभवर्तमानकार’ (येशूचं चरित्र लिहिणारे चौघे) हे चार उंच फळ्यांएवढे कॅनव्हास केले. मोठे हात, गुंडाळ्या, जाड काळी रेष. 1912 मध्ये मॉस्कोतल्या ‘गाढवाचं शेपूट’ नावाच्या प्रदर्शनात ते लागले आणि सेन्सॉरने उतरवायला लावले, कारण असल्या नावाखाली धार्मिक चित्रं लावणं म्हणजे विटंबना. पुढच्याच वर्षी तिचं एकटीचं प्रदर्शन भरलं, साडेसातशेहून अधिक कृतींचं. ती तेव्हा बत्तीस वर्षांची होती. या बाईचं काम आपल्याकडे जवळजवळ माहीत नाही, याची मला खंत आहे. तुम्ही पुन्हा गेलात तर नव्या इमारतीत तिच्यासमोर थांबा.

कुझ्मा पेत्रोव्ह-वोद्किनचा ‘लाल घोड्याला आंघोळ’ (1912) तर तुम्ही पाहिलाच असणार. घोड्याचा तो लाल कुठून आला असं विद्यार्थी विचारतात, तेव्हा मी त्यांना नोव्हगोरोद या जुन्या शहरातल्या आयकॉनची छायाचित्रं दाखवते. तिथला शेंदरी साफ झाल्यावर असाच दिसतो, अंगावर येतो.

आणि मग डिसेंबर 1915. शहर पेत्रोग्राद, म्हणजे सेंट पीटर्सबर्गचं युद्धकाळातलं नाव. प्रदर्शनाचं नाव ‘0,10’, उच्चारायचं ‘शून्य-दहा’. एका दालनात काझिमीर मालेविचने 39 चित्रं लावली, सगळी भौमितिक आकारांची. या दालनाचं एक छायाचित्र शिल्लक आहे. भिंतींवर चित्रं दाटीने लावलेली, खाली एक साधी खुर्ची, आणि वर, दोन भिंतींच्या सांध्यात, छताला लागून काळा चौकोन. देव्हाऱ्याच्या जागी. रशियात वाढलेल्या प्रत्येक माणसाला हे बघताक्षणी कळलं असणार, त्यासाठी कलेचं काही शिकायची गरज नव्हती. समीक्षक अलेक्सांद्र बेनुआने लगेच रागाने लिहिलं की मॅडोनांच्या, म्हणजे येशूच्या आईच्या चित्रांच्या, जागी हे लोक जो आयकॉन देऊ पाहताहेत तो हाच. तो निषेध करत होता, पण वाचन अचूक होतं. गंमत म्हणजे त्याच प्रदर्शनात व्लादिमिर तात्लिननेही आपली पत्रा, लाकूड आणि दोरांची रचना कोपऱ्यातच टांगली होती. तरुणपणी त्याने आयकॉन आणि भित्तिचित्रांच्या नकला करून हात बसवला होता. दोघांचं कडाक्याचं भांडण होतं, दोघांना एकमेकांची कला अमान्य होती, आणि दोघांनी कोपराच निवडला.

म्हणून ‘काळा चौकोन’ आज तुम्ही पाहिलात तसा, सरळ भिंतीवर, डोळ्यांच्या उंचीवर पाहणं म्हणजे मूर्ती गाभाऱ्यातून काढून संग्रहालयाच्या कपाटात पाहण्यासारखं आहे. अर्थ निम्मा त्या जागेत होता.

‘कुणीही काढेल’ याला माझ्याकडे कामाच्या टेबलावरचं उत्तर आहे. हे चित्र 79.5 सेंटीमीटर लांबी-रुंदीचं आहे, आणि काळा आकार नेमका चौकोन नाही. पट्टी लावून पाहिली तर एकही बाजू कॅनव्हासच्या कडेला समांतर नाही. म्हणूनच तो पांढऱ्यावर चिकटलेला न वाटता किंचित तरंगतो. पांढरा सपाट नाही, ब्रशचे फटकारे त्यात दिसतात. आणि काळ्याला तडे गेलेत. हे तडे वयाचे नाहीत. तैलचित्राचा पहिला नियम असा की खालच्या थरात तेल कमी, वरच्यात जास्त, आणि खालचा वाळल्याशिवाय वरचा चढवायचा नाही. हा नियम मोडला की वरचा थर आधी आक्रसतो आणि फाटतो. मालेविचने नियम मोडला, कारण त्याला घाई होती. 2015 मध्ये त्रेत्याकोव्हच्या संशोधकांनी जाहीर केलं की काळ्याखाली दोन रंगीत रचना आहेत, एकीवर एक. म्हणजे त्याने एक चित्र केलं, त्यावर दुसरं केलं, आणि तेही नीट वाळायच्या आत काळ्याने झाकलं. भिंगातून तड्यांमध्ये पाहिलं की खालचे रंग डोकावताना दिसतात.

मी पहिल्यांदा ते पाहिलं तेव्हा मला गुर्यानोव्हची फळी आठवली. तिथे काळा खरवडला आणि रंग निघाले, इथे रंगांवर काळा चढवला. मालेविचने हे मनात धरून केलं असं मी म्हणणार नाही. पण काळ्याखाली रंग असतात हे त्या पिढीला ठाऊक होतं, त्यांनी ते घडताना पाहिलं होतं. आयकॉनमुळे आपल्याला शेतकऱ्यांच्या कलेचं मन कळलं, असं मालेविचने आत्मचरित्रात स्वतः लिहिलं आहे.

इथे ‘रशियन’ या शब्दाबद्दल एक गोष्ट सांगायला हवी. मालेविच कीव्हमध्ये पोलिश आईबापांच्या पोटी जन्मला, युक्रेनच्या खेड्यांत वाढला, आणि तिथल्या बायका घरं सारवून-रंगवून सजवत ते बघत त्याची पहिली नजर तयार झाली. 2022 नंतर युरोप-अमेरिकेतल्या काही संग्रहालयांनी अशा चित्रकारांच्या पाट्या बदलल्या. मला ते योग्य वाटतं. कामाची जागा मॉस्को-पेत्रोग्राद होती हे खरं, पण साम्राज्याच्या राजधानीत काम केलं म्हणून माणसाचं गाव पुसलं जाऊ नये.

पुढचा इतिहास तुम्हाला माहीत असेल, म्हणून भराभर सांगते. क्रांतीनंतर काही वर्षं हीच मंडळी कलाशाळा चालवत होती. आजच्या बेलारूसमधल्या वीतेब्स्क शहरात मालेविचचे विद्यार्थी बाहीवर काळा चौकोन शिवून फिरत. 1932 मध्ये सरकारी आदेशाने सगळे कलागट बरखास्त झाले, 1934 पासून समाजवादी वास्तववाद, म्हणजे सरकारी विचार सांगणारी हुबेहूब चित्रं, ही एकच वाट उरली. मालेविचला 1930 मध्ये काही महिने तुरुंगात ठेवलं होतं. 1935 मध्ये तो कर्करोगाने गेला तेव्हा पार्थिवाच्या उशाशी भिंतीवर काळा चौकोन लावलेला होता, आणि शववाहिनीच्या पुढ्यातही. त्याचं काम तळघरात गेलं, अनेक दशकांसाठी.

आणि आयकॉन? त्याच वर्षांत चर्च बंद झाली, हजारो फळ्या सरपणात गेल्या, काही परकीय चलनासाठी विकल्या गेल्या. एकाच सरकारने एका हाताने ‘त्रैक्य’ साफ करवून जगाला दाखवलं आणि दुसऱ्या हाताने खेड्यातले कोपरे रिकामे केले. पालेख नावाच्या गावात पिढ्यान्‌पिढ्या आयकॉन रंगवणारी घरं होती. क्रांतीनंतर त्यांचा धंदा एका दिवसात बुडाला. 1924 मध्ये इव्हान गोलिकोव्ह आणि काही साथीदारांनी सहकारी मंडळ काढलं आणि कागदाच्या लगद्याच्या काळ्या डब्यांवर परीकथा रंगवायला घेतल्या. तोच अंड्याचा बलक, तेच सोनं, घासून चकाकी आणायला तोच लांडग्याचा दात. आठवण म्हणून तुम्ही तशी डबी आणली असेल, तर तिच्यावरचे डोंगर नीट बघा. पायऱ्या-पायऱ्यांचे, उभे, कुठल्याही खऱ्या डोंगरासारखे न दिसणारे. ते थेट आयकॉनमधून आलेत. संत गेले, घोडे आणि डोंगर राहिले.

तळघरातल्या चित्रांना वाचवणाऱ्यांत मला सगळ्यात प्रिय गेओर्गी कोस्ताकिस. ग्रीक आईबाप, जन्म मॉस्कोचा, नोकरी कॅनडाच्या दूतावासात. 1946 च्या सुमाराला मालेविचच्या पिढीतल्या ओल्गा रोझानोव्हाचं एक चित्र त्याच्या पाहण्यात आलं, पांढऱ्यावर फक्त एक हिरवा पट्टा, आणि त्याने ठरवलं की हेच जमवायचं. त्या काळी या चित्रकारांची नावं उच्चारणंही शहाणपणाचं नव्हतं. त्याच पिढीतल्या ल्युबोव्ह पोपोव्हाचं प्लायवुडवरचं एक चित्र त्याला गावाकडच्या घरात सापडलं. ते खिडकी बंद करायला ठोकलेलं होतं. पाणी आत येईल म्हणून घरमालक देईना. कोस्ताकिसने तेवढंच प्लायवुड आणून दिलं आणि चित्र सोडवलं. 1977 मध्ये देश सोडताना त्याने संग्रहाचा मोठा हिस्सा त्रेत्याकोव्हला दिला. नव्या इमारतीत तुम्ही जे पाहिलंत त्यातलं कितीतरी या माणसाच्या फ्लॅटमधल्या भिंतींवरून आलेलं आहे. बाकीचा संग्रह आता ग्रीसमध्ये थेसालोनिकीला आहे.

आता एक काळजीची गोष्ट. रुब्ल्योव्हचं ‘त्रैक्य’ 1929 पासून त्रेत्याकोव्हमध्ये होतं. जुलै 2022 मध्ये ते सणासाठी काही दिवस मठात नेलं, आणि परत आल्यावर संग्रहालयाच्या लोकांना त्यात डझनांनी नवे बदल आढळले. जून 2023 मध्ये ते मॉस्कोच्या ख्राइस्ट द सेव्हियर कथीड्रलमध्ये नेलं, तज्ज्ञांचा विरोध असताना. हे कथीड्रल सोव्हिएत सरकारने 1931 मध्ये सुरुंगाने उडवलं होतं, आज उभं आहे ते नव्वदच्या दशकात पुन्हा बांधलेलं. 2024 मध्ये फळी सेर्गियेव्ह पसादच्या मठात गेली. चर्चचं म्हणणं मला समजतं: ही पूजेची वस्तू आहे, ती पूजेत असावी. मी स्वतः देवाला हात जोडणारी आहे. पण सहाशे वर्षांचं लाकूड हवेतल्या ओलाव्याबरोबर आडवं फुगतं आणि आक्रसतं, आणि त्यावरचा खडूचा लेप तसा हलू शकत नाही. दोघांमधली पकड सुटते, पोपडे धरतात, एक दिवस रंगाची खपली खाली पडते. गर्दीचा श्वास, मेणबत्त्यांची ऊब, दार उघडल्यावर येणारी थंडी, हे सगळं त्या फळीपर्यंत पोहोचतं. खाली पडलेली खपली आम्ही परत चिकटवतो, पण ती हरवली तर रुब्ल्योव्हचा निळा दुसरीकडून आणता येत नाही.

पुन्हा जाणार असाल तर एक सुचवते. दोन्ही इमारती एकाच दिवशी पाहा. सकाळी लाव्रुशिन्स्की गल्लीत आधी आयकॉनच्या दालनांत जा, वास्तववादी चित्रांच्या मोहात पडू नका, ती दुसऱ्या दिवसासाठी ठेवा. एखाद्या आयकॉनवर संवर्धकाने मुद्दाम न साफ करता ठेवलेला काळा चौकोनी तुकडा दिसतो का शोधा. मूळची अवस्था कळावी म्हणून असे तुकडे कधीकधी राखतात. मग तिथून क्रिम्स्की वालपर्यंत चालत जा, अर्ध्या तासाचा रस्ता आहे. मालेविचसमोर उभं राहिलात की लगेच समोरून बघू नका. कडेला या, प्रकाश पृष्ठभागावर तिरका पडेल असे उभे राहा आणि काळ्यातल्या तड्यांवर नजर ठेवा. काच आहे, थोडा वेळ लागतो. आधी फक्त भेगा दिसतील, मग एखाद्या भेगेच्या तळाशी खालच्या चित्राचा रंग दिसेल.